फाउंड फुटेज हॉररची टर उडवायची तर आधी कॅमेरा चालू का आहे ते ठरवा

फाउंड फुटेज म्हणजे पात्रांनीच शूट केलेलं आणि नंतर कुणाला तरी सापडलेलं फुटेज आहे असं भासवणारा पिक्चर. त्यात भूत कसलं घ्यायचं ते नंतर बघा. आधी हे ठरवा की भूत अंगावर येतंय तरी पोरगं शूटिंग बंद का करत नाही, कारण खऱ्या पिक्चरमध्ये ह्याला धड उत्तर नसतं आणि अख्खं विडंबन तिथंच उभं राहतं. कोल्हापुरात कारण शोधायला लांब जायला नको, मंडळाच्या पेजवर लाइव्ह चालू आहे, भूत दिसल्यापासनं बघणारे वाढायलेत, आता कोण बंद करतंय! पण ॲक्टर हसला की सगळं गेलं, त्याला हे मनापासनं पटलेलं दिसलं पाहिजे.

सुरुवातीला काळ्या स्क्रीनवर साधी पाटी, 'हे फुटेज रंकाळ्याच्या काठावर सापडलं'. म्युझिक कुठंच नको.

खरी मजा बेडरूमच्या शॉटमध्ये आहे, त्याला वेळ द्या. 'पॅरानॉरमल ॲक्टिव्हिटी' हा असलाच पिक्चर दिग्दर्शकाच्या स्वतःच्या घरात साधारण 15 हजार डॉलरमध्ये शूट झालाय, म्हणजे पेठेतल्या घरात पण जमतंय. मोबाईल कोपऱ्यात उंच लावा, परत हात लावू नका, खाली घड्याळाचे आकडे. रात्रीचे एक, दोन, तीन वाजलेले फास्ट पळवा आणि चारला नॉर्मल स्पीडवर आणा, बघणाऱ्याला ही खूण पाठ असते, तो लगेच सावरून बसतो. दार कर्र करून उघडू दे. थांबा, तुम्हाला वाटतंय त्याच्यापेक्षा जास्त थांबा. मग आजोबा येतात, तालमीला उशीर झालाय, "माझा लंगोट कुणी हलवला रं?" आणि जातात. इथं कट मारू नका!! दार आता आपलं आपण बंद होऊ दे आणि त्याच्यावर कुणी एक शब्द बोलायचा नाही.

पळायच्या शॉटला कॅमेरा मुद्दाम हलवू नका, खरंच पळा. फोन झटक्यात वळला की चित्र फराटतं, तिथं कट लपतो आणि दोन टेकचा एक टेक होतो. 'द ब्लेअर विच प्रोजेक्ट' (1999) मध्ये कॅमेरे ॲक्टरच्याच हातात होते आणि प्रत्येकाला वेगळ्या चिठ्ठ्या मिळायच्या. ही आयडिया घ्याच. एकाला लिहून द्या 'काही झालं तरी मिसळीचा विषय काढ', दुसऱ्याला 'घरी जायचं म्हणून रडत राहा', भांडण आपोआप खरं होतंय.

पन्हाळ्याची अंधार बाव (गडावरची जुनी विहीर) लई भारी दिसते पण गड संरक्षित स्मारक आहे, शूटिंगची परवानगी आधी काढा, नाहीतर गावाबाहेरचं ओळखीच्यांचं उसाचं रान बघा, रात्री टॉर्च मारला की पुढची पानं पांढरी आणि मागं मिट्ट काळोख, फुकटात.

शेवटी फोन आडवा पडतो तो शॉट ठेवाच, फोन गादीवर टाका आणि आपटल्याचा आवाज वेगळा रेकॉर्ड करून जोडा.