नटाने कपडेपटही सांभाळायचा असेल तर

पुण्यात पुरुषोत्तम किंवा फिरोदिया या कॉलेजच्या स्पर्धा करताना कपडेपट कुणाच्या तरी गळ्यात पडतोच. आईच्या साड्या, मित्राचा कोट, दोन सेफ्टीपिना, की झालं. दहाव्या रांगेतून शिलाई दिसत नाही. क्लोजअपमध्ये मात्र कॉलरचा सुटलेला दोराही दिसतो. एफटीआयआय या पुण्यातल्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांच्या फिल्मवर मदतनीस म्हणून राहिलात तर हा फरक लवकर कळेल.

खरेदीआधी पटकथेचा ब्रेकडाउन, म्हणजे प्रसंगवार यादी, करा. प्रसंग क्रमाने शूट होत नाहीत, म्हणून प्रसंग क्रमांकापुढे 'कथेतला दिवस' लिहायचा. प्रसंग 7 आणि 31 एकाच दिवसाचे असतील तर कपडेही तेच. पाऊस, रक्त किंवा चिखल असेल तर एकाच कपड्याचे किमान तीन जोड. ते एकाच ताग्यातून घ्या. पुढच्या ताग्यात रंगाची छटा बदलू शकते.

कापडासाठी लक्ष्मी रोड आणि रविवार पेठ, नकली दागिन्यांना तुळशीबाग, वापरलेल्या वस्तूंना जुना बाजार. सुती कापड शिवण्याआधी धुवा, नाहीतर पहिल्या धुण्यात आटून बाही वर जाते. शिवणीत इंचभर माया, म्हणजे जास्तीचं कापड, ठेवायला सांगा. बारीक चौकडी आणि बारीक रेघा कॅमेऱ्यात लहरतात, पांढरंशुभ्र फटफटतं. ते चहाच्या पाण्यात बुडवून काढलं की निवतं. कपडा जुना दाखवायला सगळाच रंगवू नका. कोपर, कॉलर, खिशाची कड पॉलिशपेपरने घासा, कारण झीज तिथेच होते.

ट्रायलला नुसतं उभं राहून चालत नाही. बसा, वाका, हात वर करा. लेपल माइक (कपड्यात लावायचा छोटा माइक) असेल तर साउंडवाल्यालाही बोलवा: सिंथेटिक कापड सळसळतं. नऊवारीखाली परकर नसतो, म्हणून माइकच्या ट्रान्समीटरसाठी कमरेला इलॅस्टिकचा पट्टा आधीच शिवून ठेवावा.

आता खरी अडचण. स्वतः फ्रेममध्ये असताना दुसऱ्याची बटणं कोण बघणार? शूटच्या दिवशी कपडेपट ड्रेसदादाच्या (सेटवर कपडे सांभाळणाऱ्याच्या) किंवा सहायकाच्या हातात द्या आणि मधे पडू नका. त्यासाठी प्रत्येक कपड्याचे पुढून, मागून, दोन्ही बाजूंनी फोटो हवेत. बाहीला किती घड्या, घड्याळ कोणत्या हातात, हेही लिहून. स्वतःच्या कपड्यांवर शेवटचा शब्द दुसऱ्याचा असू द्या. नटाला आपण छान दिसावं असं वाटतं, पात्राला ते परवडेलच असं नाही.

पैशाचं आधीच बोला. अभिनय आणि वेशभूषा यांचे करार वेगळे, श्रेयनामावलीत नावं वेगळी, कापडाचे पैसे आगाऊ आणि प्रत्येक बिल फाइलला. 'तूच आहेस ना, बघ जरा कपड्यांचं' हे वाक्य फुकटात काम करून घेण्यासाठीच असतं.

पॅकअप झालं तरी कपडे परत करू नका, उसवूही नका. एडिटनंतर पॅचवर्क, म्हणजे राहिलेल्या तुकड्यांचं शूट, निघतं, तेव्हा तोच शर्ट लागतो, त्याच डागासकट.