‘पाठिंबा काढून घेतला’ असं कधी लिहायचं, आणि कधी नाही

सोलापुरात एका दैनिकाच्या डेस्कवर मी सव्वीस वर्षं जिल्ह्याची पानं लावली. त्या पानांवर सर्वाधिक वेळा हाताखालून गेलेलं क्रियापद कोणतं, असं कुणी विचारलं तर ‘काढणे’ हेच उत्तर देईन. मोर्चा काढला, फतवा काढला, कर्ज काढलं, पाणी काढलं, पक्ष काढला, पक्षातून काढलं. आणि पाठिंबा काढला. या शेवटच्या वापरात मी सुरुवातीच्या काळात एक मोठी चूक केली. तिच्यामुळेच पुढे या शब्दाकडे बारकाईनं बघायला लागले. आता बातमीदारीतली नवी मुलं, सहकारी संस्थांचे सचिव, ग्रामपंचायतीचे सदस्य पत्र लिहिताना मला विचारतात, म्हणून हे सगळं एकदा लिहून ठेवते.

आधी ती चूक. तालुक्याच्या वार्ताहराकडून फॅक्सवर तीन ओळी आल्या होत्या. गावातल्या तीन सदस्यांनी मासिक सभेला येणं बंद केलं होतं, आणि सरपंचबाईंच्या कारभारावर ते नाराज असल्याची गावात चर्चा होती. जागा होती एका कॉलमाची. मी मथळा दिला, ‘सरपंचांचा पाठिंबा तिघांनी काढला’. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेदहाला त्या बाई एसटीनं येऊन माझ्या टेबलापुढे उभ्या राहिल्या. हातात घडी केलेला अंक. आवाज चढवला नाही. एवढंच विचारलं, “ताई, काढला म्हणजे कुणी काढला? कुणाला सांगून काढला? मला तर अजून कुणीच काही बोललं नाही.” माझ्याकडे उत्तर नव्हतं. ते तिघं फक्त गैरहजर होते. पण त्या मथळ्यानंतर चौथा सदस्यही डळमळला, हे त्यांनी जाताना सांगितलं. तिसऱ्या दिवशी आम्ही दुरुस्ती छापली, पण ती आतल्या पानावर आणि लहान टाइपात.

त्या बाईंनी विचारलेले प्रश्न म्हणजेच या क्रियापदाचं व्याकरण आहे. कुणी काढला, कुणाला कळवून काढला, आणि त्यांत माझा एक, कुणाला दिलेला काढला. या तिन्हींची उत्तरं हातात नसतील तर हे क्रियापद वापरू नका.

का, ते मराठीच सांगते. मराठीत पुष्कळ क्रियापदांची जोडी असते. तोडणे–तुटणे, फोडणे–फुटणे, पाडणे–पडणे. २५ सप्टेंबर २०१४ ला शिवसेना-भाजपची युती संपली, तेव्हा काहींनी ‘युती तुटली’ लिहिलं, काहींनी ‘युती तोडली’. ‘तुटली’ लिहिलं की कुणाचं नाव घ्यावं लागत नाही. ‘तोडली’ लिहिलं की कुणी, हे सांगावंच लागतं. ‘काढणे’लाही ‘निघणे’ ही जोडी आहे. मोर्चा काढला, मोर्चा निघाला. दुकान काढलं, दुकान निघालं. पण ‘पाठिंबा निघाला’ असं कुणी म्हणून बघा, जिभेला पटत नाही. पाठिंबा आपोआप निघत नाही. तो कुणीतरी दिलेला असतो आणि ज्यानं दिला त्यालाच तो काढता येतो.

म्हणूनच बातमीत ‘पाठिंबा काढून घेण्यात आला’ हे वाक्य दिसलं की थांबा. पक्षांच्या प्रसिद्धीपत्रकात ते असतं, कारण त्यात कर्ता झाकता येतो. आपल्या कॉपीत, म्हणजे बातमीच्या मजकुरात, मात्र ‘अमुक पक्षाने काढून घेतला’ असंच करा. कर्ता माहीत नसेल तर फोन करा.

आता ‘काढला’, ‘काढून घेतला’ आणि ‘मागे घेतला’ यांतला फरक. ‘काढणे’ हा शब्द प्राकृतातल्या ‘कड्ढ’वरून आलेला, आतून बाहेर ओढण्याचा. विहिरीतून पाणी, जमिनीतून शेंगा, बँकेतून पैसे. त्याला ‘घेणे’ जोडलं की ओढलेली वस्तू स्वतःकडे येते. पाठिंबा काढून घेणारा आपलीच दिलेली वस्तू परत घेतो. पण ‘मंत्र्याकडून खातं काढून घेतलं’ म्हटलं की दुसऱ्याच्या ताब्यातली वस्तू हिरावण्याचा अर्थ येतो, आणि पाठिंब्यातही त्याची थोडी छटा उतरतेच. मिळत होतं ते गेलं, असं. ‘मागे घेणे’ त्यापेक्षा कागदी आहे. अर्ज, याचिका, संप, शब्द, आरोप, कायदा हे मागे घेतले जातात. पत्र देऊन झालेली औपचारिक कृती असेल तर ‘पाठिंबा मागे घेतला’ शोभतं. बोलताना आणि सविस्तर बातमीत मी ‘काढून घेतला’च लिहिते. नुसतं ‘काढला’ मथळ्यात जागा नसेल तरच. ‘काढून टाकला’ मात्र कधीच नाही. टाकायला तो कचरा नाही.

षष्ठीचा घोळ तर रोजचा. माझ्या त्या मथळ्यातही तो होता. ‘सरकारचा पाठिंबा काढला’ म्हणजे सरकारनं कुणाला दिलेला पाठिंबा, की सरकारला मिळालेला? मराठीत ‘आईचा आशीर्वाद’ म्हणजे आईनं दिलेला. त्याच चालीनं ‘सरकारचा पाठिंबा’ म्हणजे सरकारनं दिलेला. म्हणून दोन अक्षरं जास्त गेली तरी चालतील, पण ‘सरकारला दिलेला पाठिंबा काढून घेतला’ असं लिहा. मथळ्यात बसवायचं तर ‘सरकारला पाठिंबा नाही, अमुक पक्षाचा निर्णय’ असं फिरवून लिहा.

क्रियापदाचं लिंग-वचन पाठिंब्याप्रमाणे चालतं, पक्षाप्रमाणे नाही. ‘डाव्या पक्षांनी पाठिंबा काढून घेतला’, ‘काँग्रेसने साथ सोडली’, ‘सदस्यांनी अंग काढून घेतलं’. घाईत ‘काँग्रेसने पाठिंबा काढून घेतली’ हे मी छापून आलेलं पाहिलं आहे.

कर्ता ठरला की वेळ आणि पुरावा. २३ ऑक्टोबर १९९० ला समस्तीपुरात लालकृष्ण अडवाणींना अटक झाली आणि भाजपनं व्ही. पी. सिंग सरकारला बाहेरून दिलेला पाठिंबा काढून घेतला. इथे कर्ता, कर्म, तारीख सगळं लख्ख आहे. ७ नोव्हेंबरला सरकार १४२ विरुद्ध ३४६ मतांनी पडलं. सरळ वाक्य लिहा, हात थरथरायचं कारण नाही. ३० मार्च १९९७ ला सीताराम केसरींच्या काँग्रेसनं देवेगौडांच्या सरकारचं असंच केलं, तेही सरळ.

पण व्ही. पी. सिंगांनंतर काँग्रेसच्या बाहेरच्या पाठिंब्यावर आलेलं, चार महिन्यांचंच आयुष्य मिळालेलं चंद्रशेखर सरकार घ्या. राजीव गांधींच्या निवासस्थानाबाहेर हरियाणाचे दोन पोलीस शिपाई आढळले, काँग्रेस खासदारांनी लोकसभेवर बहिष्कार घातला, आणि चंद्रशेखर यांनी ६ मार्च १९९१ ला राजीनामा देऊन टाकला. या ठिकाणी मी ‘बहिष्कार घातला’, ‘राजीनामा दिला’ असंच लिहीन. जे घडलं त्याचं क्रियापद वापरायचं, त्यातून काय घडलं असतं त्याचं नाही. माझे ते तीन सदस्यही सभेला गैरहजर होते, एवढंच छापायला हवं होतं.

याहून नाजूक प्रकरण कर्नाटकातलं, १९८९ चं. एस. आर. बोम्मई मुख्यमंत्री होते. एप्रिलमध्ये एका आमदारानं राज्यपालांकडे एकोणीस आमदारांची पत्रं दिली, सरकारला दिलेला पाठिंबा काढून घेतल्याची. लगेच त्यांतल्या सात जणांनी राज्यपालांना लिहिलं की आमच्या सह्या दिशाभूल करून घेतल्या, आम्ही सरकारसोबतच आहोत. तरी २१ एप्रिलला राष्ट्रपती राजवट लागली. १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं याच खटल्यात सांगितलं की बहुमताचा निकाल सभागृहात लागतो, राजभवनात नाही. लिहिणाऱ्यानं यातून एक सवय उचलावी. पत्र फक्त तिसऱ्यानं आणून दिलं असेल तर ‘पाठिंबा काढून घेतल्याचं पत्र दिलं’ असं लिहा. पाठिंबा काढला हे तुमचं विधान, पत्र दिलं ही घटना. ‘काढून घेतल्याचा दावा’, ‘काढून घेण्याचा इशारा’, ‘काढून घेणार असल्याचं सांगितलं’ ही सगळी वेगवेगळी वाक्यं आहेत आणि प्रत्येकाची वेळ वेगळी आहे.

आतल्या आणि बाहेरच्या पाठिंब्यातही गल्लत होते. जो पक्ष मंत्रिमंडळात नाही तो बाहेरून पाठिंबा देतो आणि तोच काढून घेतो. जो सत्तेत आहे तो आधी सत्तेतून बाहेर पडतो. २०१४ मध्ये शिवसेना-भाजपची युती तुटली त्याच दिवशी राष्ट्रवादी काँग्रेस पृथ्वीराज चव्हाण सरकारमधून बाहेर पडली आणि पाठिंबाही काढून घेतला. दोन्ही गोष्टी झाल्या, म्हणून दोन्ही लिहायच्या. दुसऱ्या दिवशी चव्हाणांनी राजीनामा दिला.

‘टेकू काढला’ हा शब्द बातम्यांत फार आवडीचा. माझे वडील गवंडी होते, म्हणून या शब्दाबद्दल मला जास्त जपून बोलावंसं वाटतं. स्लॅब भरल्यावर सेंट्रिंगखालचे टेकू काढायचा दिवस ते स्वतः ठरवत. टेकूच्या बुडाखाली लाकडी पाचर असते. ती हातोडीनं एका बाजूनं हलकेच ठोकून सैल करायची, आवाज ऐकायचा, मग टेकू बाजूला. स्लॅबचे टेकू मधून काढायला सुरुवात करून भिंतीकडे जायचं, छज्जा असेल तर बाहेरच्या टोकाकडून आत यायचं. उलटं केलं तर तडा. स्लॅब तोवर स्वतःच्या ताकदीवर उभी राहिली असेल, तर टेकू काढल्यानं काही होत नाही. नसेल, तर खाली येते. राजकारणातही हीच कसोटी लावा. १९७९ मध्ये इंदिरा काँग्रेसनं पाठिंबा काढला आणि चरणसिंग सरकारला लोकसभेत विश्वासदर्शक ठरावाला सामोरं जाता आलं नाही, २० ऑगस्टला राजीनामा द्यावा लागला. तो टेकू होता. ८ जुलै २००८ ला अणुकराराच्या मुद्द्यावर डाव्यांनी मनमोहनसिंग सरकारला दिलेला पाठिंबा काढून घेतला, पण २२ जुलैला सरकारनं २७५ विरुद्ध २५६ मतांनी विश्वास मिळवला. तिथे ‘पाठिंबा काढून घेतला’ बरोबर आहे, ‘टेकू काढला’ नाही, कारण वर काहीच खाली आलं नाही. आणि १७ एप्रिल १९९९ ला वाजपेयी सरकार २६९ विरुद्ध २७० असं एका मतानं पडलं. त्याआधी अण्णा द्रमुकनं काढलेल्या पाठिंब्याला मी निःशंकपणे टेकू म्हणेन.

याच घरातले बाकीचे शब्द एकमेकांच्या जागी वापरू नका.

‘हात आखडता घेणे’ म्हणजे देणं कमी करणं. पाठिंबा अजून आहे, पण निधी, कार्यकर्ते, वेळ कमी झाले. ‘हात वर करणे’ म्हणजे जबाबदारी झटकणं, आणि तेही बहुधा काम बिघडल्यावर. ‘अंग काढून घेणे’ हे गुपचूप, आवाज न करता बाजूला होणं. जाहीर पत्रकार परिषद घेऊन कुणी अंग काढून घेत नाही. ‘पाठ फिरवणे’ हे समूहाला जास्त शोभतं. मतदारांनी, प्रेक्षकांनी, ग्राहकांनी पाठ फिरवली. ‘पाठिंबा’ या शब्दात पाठ आहेच, पण तिथे पाठ आधार देते आणि इथे ती दिसते. ‘साथ सोडणे’त माया आणि दुःख आहे, बातमीपेक्षा भाषणात चांगलं. ‘वाऱ्यावर सोडणे’ फक्त जो आपल्यावर अवलंबून आहे त्याच्याबाबत. सरकार कामगारांना वाऱ्यावर सोडतं, एक पक्ष दुसऱ्या पक्षाला नाही. उमेदवार ‘माघार’ घेतो, पक्ष माघार घेत नाही, तो पाठिंबा काढून घेतो. ‘काढता पाय घेणे’ म्हणजे त्या जागेवरून निघून जाणं, त्याचा पाठिंब्याशी संबंध नाही, पण ‘काढणे’ आहे म्हणून लोक तिथे घुसवतात.

भरवसा देऊन ऐनवेळी काढून घेतल्यानं माणूस पडला, तर ‘तोंडघशी पाडलं’. हल्ली ‘पायाखालची सतरंजी ओढली’ असं दिसतं. आपल्याकडे तोंडघशी पाडणं इतकं जुनं आणि दुखरं असताना ते उसनं कशाला घ्यायचं, हे मला कळत नाही.

‘पाठीत खंजीर खुपसला’ हा वाक्प्रचार महाराष्ट्रात १९७८ मध्ये शरद पवारांनी वसंतदादा पाटलांचं सरकार पाडलं त्या संदर्भात इतका चिकटला आहे, की तो वापरला की वाचकाच्या मनात ते सरकार उभं राहतं. तो एका बाजूचा शब्द आहे. २०२२ च्या जूनमध्येही शिवसेनेतल्या फुटीच्या एकाच घटनेला एक बाजू ‘उठाव’ म्हणत होती आणि दुसरी ‘गद्दारी’. हे शब्द ज्याचे आहेत त्याच्या तोंडी, अवतरणात ठेवा. तुमच्या स्वतःच्या वाक्यात ‘पाठिंबा काढून घेतला’ पुरेसं आहे. त्यात दोष नाही आणि शाबासकीही नाही, म्हणून मला ते आवडतं.

आता स्वतः पाठिंबा काढून घेणारं पत्र लिहायचं असेल तर. संस्थेच्या पॅनेलला, गृहनिर्माण सोसायटीच्या उमेदवाराला, सरपंचांना, कुणालाही. ‘आम्ही नाराज आहोत’ यानं सुरुवात करू नका, नाराजी म्हणजे पाठिंबा काढणं नव्हे. पहिलंच वाक्य असं असू द्या: ‘मी दिनांक अमुक रोजी आपणांस दिलेला पाठिंबा आजपासून काढून घेत आहे.’ वर्तमानकाळ, एकवचन, दिलेल्याची तारीख, काढल्याची तारीख. एकापेक्षा जास्त जण असतील तर प्रत्येकानं स्वतःचं वेगळं पत्र द्यावं, आणि ते ज्याला दिलेला पाठिंबा काढायचा त्याच्या हाती स्वतः द्यावं. कारण लिहायचं की नाही, हा तुमचा प्रश्न. पोच मात्र घ्या.