मॅड्रोनचं बी, मुंबईचा पाऊस आणि कांडोळ: मे-जूनसाठी सल्ला

मॅड्रोन (आर्बुटस मेंझिझी) हे उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरचं सदाहरित झाड, ब्रिटिश कोलंबियापासून कॅलिफोर्नियापर्यंतचं. तांबडी साल पापुद्र्यांनी सुटते आणि आत पेरूच्या खोडासारखा गुळगुळीत, हिरवट भाग दिसतो. पानं जाड, चकचकीत. फुलं पांढरी, तोंडाशी आवळलेली, फळं नारिंगी-लाल. फोटो पाहून गिऱ्हाईक रोपवाटिकेत चौकशी करतं. मुंबई, ठाणे, वसई पट्ट्यात ते लावण्याच्या भानगडीत पडू नये.

पाऊस जास्त पडतो म्हणून ते मरतं, असं नाही. त्याच्या मुलखातही काही ठिकाणी भरपूर पाऊस पडतो, पण थंडीत. उन्हाळा कोरडा जातो. आपल्याकडे उलट. सांताक्रूझला एकट्या जुलैत 800 मिलिमीटरच्या वर पाऊस होतो, तोही उबदार मातीत. ऊब आणि ओल एकत्र आली की फायटोफ्थोरासारख्या बुरशीसदृश रोगजंतूंमुळे मूळकूज लागते. मॅड्रोनच्या मुळांना ठरावीक बुरशींची सोबतही लागते, ती कुंडीतल्या मातीत मिळत नाही. बी रुजायलासुद्धा 40 ते 60 दिवस गारवा हवा. आपल्याकडे जानेवारीतलं सरासरी किमान तापमानच 17 अंशांच्या आसपास असतं, म्हणजे बी ओलसर वाळूत घालून फ्रिजमध्येच ठेवावं लागतं. एवढं करून रुजलेलं रोप पहिल्या पावसाळ्यात बुंध्याशी काळं पडून आडवं होतं. हौस म्हणून एक कुंडी ठीक. विक्रीसाठी रोपं करू नका.

सुटणाऱ्या सालीचं देखणं झाड हवं असेल तर आपलं कांडोळ आहे. येऊर-कान्हेरीच्या डोंगरउतारांवर उन्हाळ्यात पांढरंफटक, निष्पर्ण उभं असतं ते. म्हणूनच त्याला भुत्या म्हणतात. हे झाड खडकाळ, निचऱ्याच्या जमिनीतलं, त्यामुळे मुरमाड उतारावर लावलं तर आपला पावसाळा त्याला मानवतो.

ओळखताना नाणा आणि गणेर या झाडांशी गल्लत होते. नाण्याची सालही सुटते, पण पानं साधी, अखंड. कांडोळाचं पान हाताच्या पंजाएवढं किंवा मोठं, पाच खंडांचं, फांदीच्या टोकाशी गर्दी करून आलेलं. गणेराची पानंही खंडित असतात, मात्र त्याची साल जाड, भेगाळलेली आणि फुलं मोठी, पिवळी. कांडोळाची फुलं बारीक. फळं लाल, बहुधा पाचच्या जुडग्यात, चांदणीसारखी पसरलेली.

फळं एप्रिल-मेमध्ये पिकतात. त्यांच्यावरची लव कातडीत घुसते आणि भयंकर खाजते. रबरी हातमोजे, पूर्ण बाह्यांचा शर्ट आणि चष्मा घालूनच काढा. वाऱ्याच्या दिशेला तोंड करू नका. फळ उकलण्याच्या बेतात असताना काढून घमेल्यात गोणपाटाखाली वाळवलं की आपोआप फुटतं. राष्ट्रीय उद्यानातून मात्र बी उचलू नका, वन्यजीव संरक्षण कायदा 1972 प्रमाणे तो गुन्हा आहे. खाजगी जागेतल्या झाडाचं घ्या.

बी पाण्यात टाका, तरंगेल ते फेका, बाकीचं रात्रभर भिजू द्या. पोयटा माती दोन भाग, वाळू एक, कुजलेलं शेणखत एक. पिशवी खोल घ्या, निदान 10 इंच, कारण सोटमूळ लवकर फुगून खाली जातं; उथळ पिशवीत ते वळतं आणि असं रोप पुढे वाऱ्याने उपटतं. बी एक ते दीड सेंटिमीटर खोल पेरा. ताजं बी साधारण दोन आठवड्यांत वर येतं.

पाऊस सुरू झाला की पिशव्या विटांवर उचलून ठेवा आणि वर पारदर्शक प्लास्टिक ताणा. सर्वात जास्त रोपं इथेच जातात, पिशवीच्या तळाशी साचलेल्या पाण्याने. नंतरची मर डिसेंबरात होते, आणि ती माणसाच्या हातून: पानं झडली की रोप मेलं समजून लोक एकतर फेकून देतात, नाहीतर पाणी वाढवून कुजवतात. खोड नखाने किंचित खरवडा. आत हिरवं असेल तर रोप झोपलंय. महिन्यातून एक-दोनदा ओलावा पुरे.

लागवड पुढच्या वर्षीच्या जूनमध्ये. 45 सेंटिमीटरचा चौरस खड्डा, तेवढाच खोल, दोन झाडांत 6 मीटर. भातखाचराशेजारची चिकण जमीन टाळा. पहिली तीन वर्षं दिवाळीनंतर भोवतालचं मीटरभर गवत काढा, कारण डोंगरावर वणवा लागला की कोवळं खोड वाचत नाही. कांडोळाच्या सालीतून डिंक मिळतो, पण त्यासाठी चिरा मारायची घाई नको. खोल घावांनी मोठी झाडंसुद्धा वठतात.

सोसायटीत लावायचं तर पार्किंग आणि मुलांच्या झोपाळ्यांपासून लांब. लाकूड मऊ असतं, फांदी मोडते, आणि मे महिन्यात लव खाली पडते.