नाताळच्या चॉकलेट कुकीज: आदल्या दिवसापासूनची तयारी

तारे, माड आणि मासे नीट कापले जावेत असं वाटत असेल तर तयारी आदल्या दिवशी सकाळीच सुरू करा. आमच्या मालवणात डिसेंबरातही दुपारी पारा तिशी ओलांडतो, आणि बटर बत्तीस-पस्तीस अंशांना पार वितळून जातं. म्हणून पाककृतीत 'बटर दोन तास बाहेर काढून ठेवा' असं लिहिलेलं असलं तरी इथे पंधरा-वीस मिनिटं पुरतात. बोट टेकवल्यावर खळगी पडावी, पण बोटाला तेल लागू नये. घरचं लोणी मात्र यात वापरू नका. त्यात ताकाचं पाणी किती उरलंय याचा नेम नसतो, आणि त्या पाण्यामुळे आकार बिघडतात.

सामान आदल्या दिवशीच मोजून मांडून ठेवा: बटर १७० ग्रॅम, पिठीसाखर १५० ग्रॅम, मैदा २४० ग्रॅम, बिनसाखरेची कोको पावडर ५० ग्रॅम, एक अंडं, थोडा व्हॅनिला. बटर मिठाचं असेल तर वरून मीठ नको, नाहीतर चिमूटभर घाला. एवढ्यात मध्यम आकाराच्या चाळीसेक कुकीज होतात. बेकिंग पावडर पाव चमच्याच्या वर नको. मी तर घालतच नाही, कारण पीठ फुगलं की ताऱ्याची टोकं बोथट होतात. कोको दोनदा चाळा. दमट हवेत त्याच्या बारीक गुठळ्या होतात, त्या बटरमध्ये विरघळत नाहीत आणि खाताना कडू लागतात.

साचे काढून बघा. खाऱ्या हवेत पत्र्याचे साचे वर्षभरात गंजतातच. गंजलेले टाकून द्या. स्टीलचे हवे असतील तर कोकणकन्येने येणाऱ्या कुणाला तरी आठवडाभर आधी सांगून ठेवा. साचे नसले तरी अडत नाही. वाटीची कड आणि करंजीचं कातण एवढ्यावरही सुंदर कुकीज होतात.

आता सगळ्यात महत्त्वाचं काम, ते म्हणजे फ्रीजमध्ये जागा करणं. पीठ मळून झाल्यावर नव्हे, आधी. एका वर्षी मी पिठाचा गोळा नुसत्या ताटलीने झाकून बांगड्यांच्या शेजारी ठेवला होता. भाजताना घरभर चॉकलेटचा वास सुटला, पण पहिला घास घेतला आणि पोरांची तोंडं वाकडी झाली. बटर वास पटकन ओढून घेतं. तेव्हा मासळी त्या दिवशी आणूच नका, किंवा आणलीच तर घट्ट डब्यात खालच्या कप्प्यात ठेवा. वरचा कप्पा पुसून, एक अख्खा ट्रे सपाट मावेल एवढा मोकळा करा.

सपाट ट्रे कशासाठी, तर गोळा थंड करून मग लाटण्याऐवजी पीठ ताजं मऊ असतानाच दोन बटर पेपरांमध्ये सहा मिलिमीटर जाडीचं लाटून घ्यायचं आणि ती पोळीच फ्रीजमध्ये सरकवायची. थंड गोळा लाटायला गेलं की कडा तडकतात, आणि आपण जोर लावेपर्यंत मधला भाग पुन्हा मऊ झालेला असतो. पोळी रात्रभर राहू द्या. सकाळी कागद सोलल्यावर ती पाटीसारखी ताठ असते. साचा दाबला की बारीक कट्‌ असा आवाज येतो आणि माशाची शेपटीसुद्धा अख्खी उचलली जाते. शेपटी लोंबायला लागली तर हट्ट करू नका, पोळी दहा मिनिटं परत आत ठेवा. लाटताना चिकटलंच तर मैदा नको, कोको भुरभुरा. मैद्याचे पांढरे डाग भाजल्यावरही तसेच राहतात.

लाईटचा अंदाज घ्या. शेजारी विचारा, कुठे काम चाललंय का. ओव्हन मोठ्या प्लगवरच लावा, त्या वेळी पाण्याचा पंप आणि गिझर बंद ठेवा. १७५ अंशांवर पंधरा मिनिटं तापवल्याशिवाय ट्रे आत घालायचा नाही. भाजायला नऊ ते अकरा मिनिटं लागतात. चॉकलेटच्या कुकीज तांबूस झालेल्या डोळ्यांना कळत नाहीत, त्यामुळे घड्याळ आणि बोट यांवरच भिस्त: कड घट्ट, मध्य किंचित मऊ, वरची चकाकी गेलेली. पहिल्यांदा दोनच कुकीज भाजून बघा. प्रत्येक ओव्हनचा स्वभाव वेगळा असतो.

घट्ट झाकणाचे स्टीलचे डबे धुऊन उन्हात कडकडीत वाळवून ठेवा. कुकीज पूर्ण निवाल्याशिवाय भरू नका. वाफ कोंडली की तासाभरात त्या मऊ पडतात, आणि उघड्या राहिल्या तर संध्याकाळचं खारं वारं तेच करतं. एक पसरट ताट पाण्याने भरून तयार असू द्या, त्यात वाटी पालथी घालून वर डबा ठेवायचा. मुंग्यांना चॉकलेटचा पत्ता आपल्या आधी लागतो.