थोर हुशोव्ड यांची कारकीर्द कशी वाचावी

सायकलपटूची थोरवी केवळ जिंकलेल्या टप्प्यांच्या संख्येवरून ठरवण्याची घाई करू नये, आणि नॉर्वेच्या थोर हुशोव्ड यांच्याबाबतीत तर मुळीच नाही. प्रथम त्यांचा प्रकार ओळखावा. 1978 साली जन्मलेल्या, ग्रिमस्टाडमध्ये वाढलेल्या या खेळाडूने 1998 मध्ये 23 वर्षांखालील गटात टाइम ट्रायलचे (घड्याळाविरुद्ध एकट्याने सायकल चालवण्याच्या शर्यतीचे) विश्वविजेतेपद मिळवले होते. म्हणजे वेगाइतकाच एकट्याने तग धरण्याचा गुण त्यांच्यात आधीपासून होता.

त्यानंतर 2009 ची टूर द फ्रान्स सावकाश अभ्यासावी. त्या वर्षी मार्क कॅव्हेंडिश यांनी सहा टप्पे जिंकले, हुशोव्ड यांनी एकच. तरीही सर्वाधिक गुण मिळवणाऱ्याची हिरवी जर्सी हुशोव्ड यांना मिळाली, कारण ती जिंकलेल्या टप्प्यांवर नव्हे, तर गुणांवर ठरते. आल्प्समधील सतराव्या टप्प्यात ते एकटेच पुढे निघाले आणि डोंगरांमधल्या दोन मधल्या स्प्रिंटचे, म्हणजे वाटेतल्या ठरावीक ठिकाणी आधी पोहोचणाऱ्यांना मिळणारे, गुण त्यांनी वेचून घेतले. माझ्या मते त्यांची खरी ओळख याच दिवशी पटते.

2010 मध्ये ऑस्ट्रेलियातील जिलाँग येथे ते रोड शर्यतीचे विश्वविजेते झाले. पुढच्या वर्षीच्या टूर द फ्रान्समधील लूर्दचा टप्पा मात्र चुकवू नये: ओबिस्क घाटाच्या चढावर ते मागे पडले, पण विश्वविजेत्याची इंद्रधनुषी पट्ट्यांची जर्सी घालून उतारावर अंगावर काटा आणणाऱ्या वेगाने त्यांनी अंतर भरून काढले आणि टप्पा जिंकला.