गाण्याकडून मालिकेतील अभिनयाकडे कसे वळावे

सांगलीतल्या ऑर्केस्ट्रांत गाणाऱ्या ज्या मुलींना मालिकांत काम करायचे आहे, त्यांनी कॅरिन हिल्स या ब्राझिलियन गायिकेचा प्रवास जरूर अभ्यासावा. २००२ मध्ये एका टीव्ही स्पर्धेतून निवडलेल्या पाच मुलींच्या ‘रूज’ या गटातून ती लोकप्रिय झाली. पुढे तिने संगीतप्रधान नाटके केली आणि २०१४ मध्ये ग्लोबो वाहिनीच्या मालिकेत प्रमुख भूमिका केली. मधला नाटकाचा टप्पा मला सर्वांत मोलाचा वाटतो, कारण तिथे गळा आणि अभिनय एकत्र घडतात.

विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये जिथे ‘सीता स्वयंवर’ रंगवले, त्या सांगलीत हा टप्पा घरापाशीच आहे. म्हणून आधी एखाद्या हौशी नाट्यसंस्थेत जाऊन संगीत नाटकातली छोटी भूमिका मागावी.

कॅमेऱ्याची तयारी मात्र वेगळी करावी लागते. मोबाइल डोळ्यांच्या उंचीवर ठेवून, खिडकीचा उजेड चेहऱ्यावर घेऊन एक संवाद रेकॉर्ड करावा आणि आवाज बंद करून पाहावा. गायिकेचा हात नकळत माइक धरल्यासारखा वर येतो, भुवया सुरांबरोबर उंचावतात आणि वाक्याचा शेवट लांबतो. यांतल्या पहिल्या दोन खोडी अशा पाहण्यातच सापडतात, तिसरी आवाज सुरू केल्यावर.

साताऱ्याच्या परिसरात मराठी मालिकांचे चित्रीकरण होते, तेव्हा लहान भूमिकांच्या ऑडिशन्सपासून सुरुवात करावी. ऑडिशनसाठी कोणी पैसे मागितले, तर तिथे मुळीच जाऊ नये.