घरात मयत झाल्यावर विलापगीत कसं वाचायचं

माझी माय गेली तेव्हा भेटायला येणारा जो तो म्हणायचा रडू नको, देवाची इच्छा. फक्त लातूरकडची आत्या आली अन् दारातूनच हेल काढून रडायला लागली, मायचं नाव घेऊन, तिच्या हातच्या भाकरीचं नाव घेऊन, अन् मला तेव्हाच जरा मोकळं वाटलं. बायबलमधले विलाप असेच वाचायचे असतात, हेल काढून, मनातल्या मनात नाही.

सुरुवात बायबलच्या स्तोत्रसंहितेतल्या स्तोत्र १३ पासून करा, सहाच ओव्या आहेत, त्यात देवाला "कुठवर?" असं चार वेळा विचारलंय. मग स्तोत्र ८८ घ्या, ते शेवटपर्यंत अंधारातच राहतं, म्हणून बरेच जण टाळतात पण मला सगळ्यात जास्त आधार त्याचाच झाला.

मग विलापगीत, हे बायबलमधलंच एक छोटं पुस्तक. इसवी सन पूर्व ५८६ च्या सुमारास बाबेलच्या (म्हणजे बॅबिलोनच्या) सैन्यानं यरुशलेम पाडलं, त्याचं हे रडणं. पाचच अध्याय आहेत, रोज एक वाचा, घाई करू नका. पुस्तक मूळ हिब्रू भाषेतलं, हिब्रूत अक्षरं २२, अन् पहिल्या, दुसऱ्या, चौथ्या अध्यायात प्रत्येक ओवी पुढच्या अक्षरानं सुरू होते, तिसऱ्यात एकेका अक्षराला तीन म्हणून ६६ ओव्या. मराठीत हे दिसत नाही, म्हणून आधीच माहीत असलेलं बरं. पाचव्यात ओव्या २२ च आहेत पण अक्षरांचा क्रम सुटलाय, मला तर वाटतं रडून रडून घसा बसलेल्या माणसाचं असंच होतं.

हीच रीत वापरून तुम्ही स्वतःचा विलाप लिहा. वहीत क, ख, ग असं खाली खाली लिहायचं अन् प्रत्येकापुढं गेलेल्या माणसाची एक गोष्ट. मी क पुढं "काठवट" लिहिलं अन् तासभर पुढं सरकलेच नाही.

थोडं सावरल्यावर स्तोत्र ९० काढा, माणसाची वर्षं सत्तर, फार तर ऐंशी, अन् देवापुढं हजार वर्षं कालच्या दिवसासारखी. हे मी मांजरा काठी बसून वाचते, कारण याच नदीच्या जुन्या वाळू-गोट्यांच्या थरात हत्तीचे अन् पाणघोड्याचे जीवाश्म सापडलेत, हजारो वर्षांपूर्वीचे. पाणघोडा, आपल्या मराठवाड्यात! आपला काळा दगड लाव्ह्याचा आहे, त्यात हाडं शोधत बसू नका, नदीनं कापलेल्या दरडीत बघा. दगडासारखं जड हाड दिसलंच तर उपसू नका, कुठल्या थरात आहे त्यावरूनच त्याचं वय कळतं, फोटो काढा, जागा लिहून ठेवा अन् जवळच्या कॉलेजातल्या भूगर्भशास्त्राच्या सरांना कळवा.

अजून एक, विलापगीताच्या तिसऱ्या अध्यायात देवाची दया रोज सकाळी नवी होते असं येतं, लोक तेवढंच सांत्वनाच्या कार्डावर छापतात. ते खरंय, पण पुस्तक तिथं संपत नाही, शेवटची ओवी म्हणते की तू आम्हाला पुरतंच टाकलंस का. ती वाचून झाली की लगेच तिसरा अध्याय उघडू नका, पुस्तक मिटा अन् त्या रात्री तसंच झोपा.